यंदाची सवाष्ण

शकू मोहोडचा जावई दोन वर्षांपासून ऑनसाइट होता. जर्मनीत. विश्रांतवाडीच्या त्यांच्या सोसायटीत हे सगळ्यांना माहीत होतं आणि कोणालाही त्यात काही खटकत नव्हतं. घरात न दिसणाऱ्या नवऱ्याला ठेवायला पुण्यात ऑनसाइटइतकी चांगली जागा नाही. पूर्वी अशा नवऱ्यांना हिमालयात पाठवावं लागायचं आणि मग शेजारीपाजारी हळहळायचे. जर्मनीत पाठवला की शेजारी चॉकलेटं मागतात.

ती चॉकलेटं शकू विमाननगरच्या मॉलमधून आणायची आणि पिशवी बदलून वाटायची.

प्रत्यक्षात जावई, म्हणजे तेजस, वाकडला चौदाव्या मजल्यावर राहत होता आणि रोज हिंजवडीला कामाला जात होता. शकूची मुलगी अपेक्षाही विश्रांतवाडीहून कंपनीच्या बसने रोज हिंजवडीलाच जात होती. एकदा तर चौकात तिची बस आणि त्याची गाडी शेजारी शेजारी अडकली. तो फोनवर बोलत होता, ती खिडकीत बसली होती, आणि सिग्नल तीनदा पडूनही जर्मनी जागची हलली नाही. अपेक्षाने पडदा ओढून घेतला.

ती आईकडे परत आली तेव्हा शकूने तिची रीतसर चौकशी केली होती. शकू पंचवीसेक वर्षांपूर्वी यवतमाळकडून नवऱ्यामागे पुण्यात आलेली. घराबाहेर ती 'मला-तुला' बोलायची, घरात 'मले-तुले'. दोन्ही भाषांची सरमिसळ तिने कधी होऊ दिली नव्हती. अगदी चपलांसारखी, बाहेरची दाराबाहेर.

"मारलं काय त्यानं?"

"नाही."

"दारू?"

"घेत नाही."

"दुसरी कोणी?"

"नाही गं आई."

"मंग?"

या 'मंग'ला अपेक्षाकडे सांगण्यासारखं एकच होतं. ऑफिसमधल्या एका मैत्रिणीच्या निरोपाच्या जेवणाला ती न विचारता गेली. नंतरच्या रविवारी ती बाल्कनीत कपडे वाळत घालत असताना तेजसने आतून दार लावून घेतलं. मग त्याने मॅच बघितली. मधे एकदा काचेपाशी येऊन ती आहे ना, हेही बघून गेला. समोरच्या टॉवरमधली एक बाई झाडांना पाणी घालत होती, तिने ओळखीचा हात हलवला, म्हणून अपेक्षानेही हलवला. उन्हं उतरल्यावर त्याने दार उघडलं आणि विचारलं, "चहा टाकतेस का?" तिने टाकला. असं तिसऱ्यांदा झालं त्या दिवशी ती पर्स घेऊन निघाली.

शकू म्हणाली, "त्या समोरच्या बाईले आवाज नाही दिला काय तू?"

"काय म्हणून देऊ? नवऱ्याने वाळत घातलंय म्हणून?"

शकूने तिला परत जा म्हटलं नाही. हे तिच्या बाजूने लिहून ठेवायला हवं. तिने ताट वाढलं, मुलगी जेवेपर्यंत समोर बसली, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी जिन्यात कोणीतरी विचारलं तेव्हा जर्मनी शोधून काढली. त्या दिवसापासून घरातले कपडे वाळत घालायचं कामही तिनेच करायला घेतलं. अपेक्षा घराच्या गॅलरीत जात नव्हती. वाकडला तिला बाल्कनी म्हणतात, विश्रांतवाडीला गॅलरी. कडी दोन्हीकडे आतूनच असते.

वर्षभर वेगळं राहून झाल्यावर दोघांनी परस्परसंमतीने घटस्फोटाचा अर्ज केला. तेजसने फार खळखळ केली नाही. त्याच्या आईने दुसरी मुलगी बघायला घेतली होती असं कानावर आलं. सहा महिने थांबायचं, मग दोघांनी कोर्टात हजर राहून 'होय, आम्हाला हेच हवं आहे' म्हणायचं, की झालं. तारीख पडली गणपतीच्या आदल्या आठवड्यात. अपेक्षाच्या कंपनीने तिला जानेवारीपासून तीन वर्षांसाठी रॉटरडॅमला येतेस का, म्हणून विचारलं होतं आणि तिने हो म्हटलं होतं. वकीलबाईंनी सांगितलं, "निकाल हातात घेऊन जा. परदेशात बसून नवरा सोडता येत नाही, धरताही येत नाही." म्हणजे घरात आता खरंच कोणीतरी ऑनसाइट जाणार होतं. मधे एक तारीख तेवढी होती.

आणि एक ट्रंक होती.

ट्रंकेत महालक्ष्म्या होत्या. पुण्याकडे ज्यांना गौरी म्हणतात त्या वऱ्हाडात महालक्ष्म्या. मोठी, धाकटी आणि त्यांची दोन बाळं. मोहोडांच्या घरच्या या महालक्ष्म्या गावाकडे थोरल्या जावेकडे असायच्या. शकूने पंचवीस वर्षं त्या मागितल्या. भोसरीच्या पत्र्याच्या खोलीत होती तेव्हा मागितल्या, विश्रांतवाडीला फ्लॅट घेतला तेव्हा मागितल्या. "पुण्यात सोवळं-ओवळं कुठं राह्यते," म्हणून जावेने दिल्या नाहीत. दर वर्षी शकू भाद्रपदात रात्रीच्या ट्रॅव्हल्सने गावी जायची, सोळा भाज्या चिरायची, आणि जावेला मोठी महालक्ष्मी घरात आणताना बघून परत यायची. मग गेल्या वर्षी श्रावणात शकूचा नवरा रंगराव गेला. तेरवीला आलेली जाऊ म्हणाली, "आता माह्यानं होत नाही बाप्पा. सुना काही करत नाहीत. तू घेऊन जाय." ट्रंक ट्रॅव्हल्सच्या टपावरून पुण्याला आली. सवाष्ण होती तोवर शकूला देव मिळाले नाहीत. मिळाले तेव्हा शिवता येईनात. जावेला यात काही वावगं वाटलं नसावं.

दुःखाचं वर्ष म्हणून त्या साली महालक्ष्म्या बसल्या नाहीत. यंदा बसवायलाच हव्या होत्या, नाहीतर खंड पडला असता. आणि मोहोडांकडे रीत अशी की धाकटी कोणत्याही सवाष्णीने आणली तरी चालते, मोठी मात्र घरच्याच सवाष्णीने, सुनेने नाहीतर लेकीने, उंबऱ्यातून आत आणायची. घरात बायका दोन. एक विधवा, दुसरी तारखेवर.

तारखेच्या चार दिवस आधी, अपेक्षा डबा भरत असताना, शकूने विषय काढला.

"पुढची तारीख घेता येते काय वं?"

"कसली?"

"कोर्टाची. म्हणजे नको असं नाही म्हणून राहिली मी. महालक्ष्म्या होऊन जाऊ दे, मंग कर ना सही."

अपेक्षाने डब्याचं झाकण लावलं, पुन्हा उघडलं. "आई, वरच्या राजनंदिनीताईंना बोलव ना."

"तिले तर बोलावतेच. धाकटीसाठी. मोठी घरचीनं आणा लागते."

"रीत आपणच पाळायची ना? आपणच बदलू."

"बदलू. मंग जेवायले येतीन त्या बाया, पह्यले विचारतीन की घरात लेक असून शेजारीण काहून आणून राहिली. काय सांगू? जर्मनीतून घटस्फोट झाला म्हणू?"

वरच्या राजनंदिनीच्या पात्रतेबद्दल मात्र कोणालाच शंका नव्हती. तिचा नवरा पियुष चार वर्षांपासून चाकणला दुसऱ्या एका बाईसोबत राहत होता. त्या बाईपासून त्याला मुलगाही होता, आणि राजनंदिनी त्या मुलाच्या वाढदिवसाला व्हॉट्सॲपवर केक पाठवायची. पण तिचा घटस्फोट झालेला नव्हता. त्यामुळे सोसायटीतल्या प्रत्येक ओटीभरणीला पहिलं बोलावणं तिला असायचं.

"एक महिन्यानं काय बिघडते?" शकू म्हणाली. मग आवाज खाली आणून, "माह्या हातून कधी झालंच नाही अपू. निदान माह्या घरात तरी होऊ दे."

हे वाक्य तिने म्हणायला नको होतं. बाकी सगळ्याला अपेक्षाकडे उत्तर होतं.

बसमधून तिने वकीलबाईंना फोन केला. वकीलबाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. "म्हणजे सणाला सवाष्ण हवी म्हणून तुम्ही घटस्फोट पुढे ढकलताय."

"एकच तारीख, मॅडम."

"माझ्या वीस वर्षांच्या प्रॅक्टिसमध्ये हे कारण पहिल्यांदा ऐकलं. कोर्टाला व्हायरल ताप सांगू ना?"

"चालेल."

"आईंना माझा नमस्कार सांगा. आणि पुढच्या तारखेला मात्र या. समोरचा माणूस अजून 'हो' म्हणतोय, हे रोज उजाडल्यावर नव्याने खरं असतं."

पुढची तारीख दसरा-दिवाळीमुळे थेट नोव्हेंबरात गेली.

महालक्ष्म्या आल्या त्या दिवशी शकूने पहाटेपासून पाण्याचा घोटही घेतला नाही. अपेक्षाला तिने स्वतःचा लग्नातला शालू नेसवला. हिरव्या बांगड्या भरल्या. मंगळसूत्राचा प्रश्न होता, कारण खरं वाकडला राहिलेलं. ते शकूने तुळशीबागेतून आणलं होतं, एक ग्रॅमचं, वाट्या जरा जास्तच चकचकीत.

"आई, हे खोटं आहे."

"देवीले कळते सारं. बायांसाठी आहे ते."

उंबऱ्याबाहेर अपेक्षा मोठीचा मुखवटा सुपात घेऊन उभी राहिली, मागे राजनंदिनी धाकटीला घेऊन. आतून कोणीतरी प्रश्न विचारावे लागतात. विधवेने प्रश्न विचारायला हरकत नसावी, असं शकूने आपलं आपणच ठरवलं.

"कोण आलं?"

"महालक्ष्मी आली."

"कशाच्या पावलांनी आली?"

"सोन्याच्या पावलांनी."

"कशासाठी आली?"

"घर भरायला आली."

मग हळदीकुंकवाच्या पावलांवरून घरभर फिरायचं, देवीला एकेक जागा दाखवायची. हे स्वयंपाकघर. हे कपाट. ही निजायची खोली. गॅलरीपाशी अपेक्षा थबकली. शकू पटकन म्हणाली, "ते राहू दे. तिथं काय, कपडेच आहेत," आणि देवीला वळवून घेतलं. त्या क्षणी अपेक्षाला वाटलं की एक तारीख गेली ती काही अगदीच वाया गेली नाही.

दुसऱ्या दिवशी जेवायला आलेल्या बायांनी सोळा भाज्या मोजून खाल्ल्या, अंबिलीचं कौतुक केलं, आणि जावयाची चौकशी केली. "यंदाही नाही का येत?" "सुट्टी नाही ना," शकू म्हणाली. तिचा चेहरा असा उजळला होता की राजनंदिनीही बघत राहिली. पंचवीस वर्षं चिरलेल्या भाज्या त्या दिवशी पहिल्यांदा तिच्या स्वतःच्या देवाच्या ताटात पडल्या होत्या.

त्या आनंदात तिने आदल्या दिवशी काढलेला फोटो उघडला. सुपात मोठी, सूप अपेक्षाच्या हातात, हिरव्या बांगड्या, गळ्यात तुळशीबाग. खाली लिहिलं, 'आमच्या घरची महालक्ष्मी, सौ. अपेक्षा तेजस.' आणि स्टेटसला ठेवला. स्टेटस एका दिवसात आपोआप पुसलं जातं, म्हणून लोक त्यावर काहीही ठेवतात. हे स्थळ ज्या वऱ्हाडी मंडळाच्या ग्रुपवरून जमलं होतं, त्यातल्याच कोणीतरी तो फोटो ठेवून घेतला आणि कौतुकाने अपेक्षाच्या सासूला पाठवला.

नोव्हेंबरच्या तारखेला तेजस आला. इस्त्रीचा शर्ट, कपाळाला गंध. त्याच्या वकिलाने सांगितलं की अर्जदार क्रमांक एक आपली संमती मागे घेत आहेत. शिवाय पत्नीने नांदायला यावं म्हणून त्यांनी वेगळा अर्ज आणला आहे. अर्जासोबत फोटो होता. त्याला कोर्टाने निशाणी क्रमांक दिला. 'सदर छायाचित्रावरून दिसून येते की पत्नी आजही पतीने बांधलेले मंगळसूत्र श्रद्धेने धारण करते, पतीचे नाव अभिमानाने लावते व सवाष्ण म्हणून कुलाचार पार पाडते. उभयतांमधील विवाहबंध जिवंत आहे.'

बाहेरच्या बाकावर अपेक्षा म्हणाली, "मॅडम, ते मंगळसूत्र तुळशीबागेतलं आहे."

"बिल आहे?"

"तुळशीबागेत बिल?"

"तेच म्हणते." वकीलबाई फाइल बांधत होत्या. "बिल असतं तरी काही होत नव्हतं म्हणा. संमती मागे घ्यायला कारण लागतच नाही. कारण मिळालं की माणसाला आपण बरोबर आहोत असं वाटतं, इतकंच."

"आता?"

"आता लढायचं. छळ झाला हे सिद्ध करायचं. बाल्कनीच्या वेळचा साक्षीदार कोणी आहे?"

अपेक्षाने विचार केला. "समोरच्या टॉवरमधली एक बाई आहे. पण तिला मी हात हलवला होता."

वकीलबाईंनी ते लिहून घेतलं नाही.

जिन्याजवळ तेजसची गाठ पडली. तो अगदी नेहमीसारखा बोलला. "छान दिसत होतीस फोटोत. आईला रडू आलं बघून. घरी ये ना, कशाला हे सगळं?" आणि मग, खरंच काळजी वाटावी अशा सुरात, "ताप गेला का?"

घरी आल्यावर तिने आईला सांगितलं, चार वाक्यांत. शकू उभीच राहिली. मग तिने फोन घेतला आणि स्टेटस शोधू लागली. ते केव्हाच पुसलं गेलेलं होतं. तरी ती बोटाने वर-खाली करत राहिली.

"मी काढून टाकते ना," ती म्हणाली. "मी त्याच्या मायले फोन लावून सांगते, ते खोटं होतं म्हणून."

"कोणतं, आई?"

शकूला यादी करता येईना.

"मले शिव्या तरी दे," ती म्हणाली.

"काय उपयोग? तू हौस केलीस. मीही केली." अपेक्षाने पर्स खुंटीला अडकवली. "भूक लागलीय."

रॉटरडॅमच्या जागेवर जानेवारीत दुसरी मुलगी गेली. तारखा दर महिन्या-दीड महिन्याला पडत होत्या आणि सुरुवातीला तरी तिने हजर राहावं असं वकीलबाईंचं म्हणणं होतं. निरोपाच्या जेवणाला अपेक्षा गेली. या वेळी तिला कोणालाही विचारावं लागलं नाही. ती लवकर निघून आली.

एप्रिलमध्ये तेजसला त्याच्या कंपनीने जर्मनीला पाठवलं.

हे वकीलबाईंनीच फोनवर सांगितलं. त्यांनाही सांगताना थोडं अवघडल्यासारखं झालं. तो ऑनसाइट असल्यामुळे त्याची उलटतपासणी लांबणार होती. त्याचा वकील दर तारखेला तेवढं एक कारण सांगणार होता, आणि ते खरं असणार होतं. "किती वर्षं?" अपेक्षाने विचारलं. वकीलबाई म्हणाल्या, "तिकडचं काम किती वर्षांचं आहे, ते तुम्हाला जास्त कळणार."

शकूला आता जिन्यात खोटं बोलावं लागत नव्हतं. अडीच वर्षं ती जे सांगत होती ते सरकारी शिक्क्यानिशी खरं झालं होतं. ती जिना टाळू लागली. कोणी विचारलंच तर "हो, जर्मनीला" एवढं म्हणून दार लावून घ्यायची. चॉकलेटं आणणं तिने बंद केलं. त्यावर सोसायटीत कुजबुज झाली, की जावयाचं तिकडे काहीतरी असावं.

भाद्रपद आला. शकूने ट्रंक माळ्यावरून काढली नाही. शेवटी अपेक्षाच स्टुलावर चढली.

"यंदा मोठी बी राजनंदिनीलेच देऊ," शकू म्हणाली. "लोकं काय म्हणतीन ते म्हणतीन."

"कशाला? घरची सवाष्ण आहे ना."

"अपू."

"कोर्टाने नंबर दिलाय मला, आई. या अख्ख्या विश्रांतवाडीत माझ्याइतकी सिद्ध झालेली सवाष्ण दुसरी नाही." तिने ट्रंकेवरची धूळ फुंकली. "शालू कुठे आहे?"

तिचा आवाज चिडका असता तर शकूला बरं वाटलं असतं. तो ऑफिसातल्या मीटिंगसारखा होता.

सगळं पुन्हा तसंच झालं. हिरव्या बांगड्या, सूप, तुळशीबाग. वाट्यांचा मुलामा उडून खालचं तांबूस दिसायला लागलं होतं. मागे राजनंदिनी धाकटीला घेऊन उभी. आतून शकूने विचारलं, "कोण आलं?"

"महालक्ष्मी आली."

"कशाच्या पावलांनी आली?"

"सोन्याच्या पावलांनी."

तिसरा प्रश्न आलाच नाही. राजनंदिनीने मागून हळूच आठवण केली, "काकू, कशासाठी." शकूने मान हलवली, पण विचारलं नाही. अपेक्षा थोडा वेळ थांबली, मग न विचारताच उंबरा ओलांडून आत आली.

हे स्वयंपाकघर. हे कपाट. ही निजायची खोली. गॅलरीपाशी शकू म्हणाली, "ते राहू दे वं."

"का? दाखवू की. घर ना हे?"

आणि अपेक्षाने कोपराने दार ढकललं आणि ती बाहेर गेली. तीन वर्षांत पहिल्यांदा. राजनंदिनी आतच थांबली. गॅलरीत दोघींना पुरेल एवढी जागा नव्हती. बाहेर ऊन होतं. वाळत घातलेले शकूचे पांढरे परकर होते, खाली आळंदी रस्त्याचे हॉर्न होते. समोरच्या इमारतीत एक बाई कपडे झटकत होती. महालक्ष्मी बघून तिने चिमटे बाजूला ठेवले आणि नमस्कार केला. मग अपेक्षाकडे बघून, छान दिसतेस अशा अर्थाने, हात हलवला.

अपेक्षाचे दोन्ही हात सुपाला होते. ती नुसती त्या बाईकडे बघत राहिली.

वाऱ्याने दार मिटायला लागलं. शकूने पुढे होऊन पाऊल मधे घातलं. दार तिच्या घोट्यावर आदळलं, मागे गेलं, पुन्हा आदळलं.

"आत ये पोरी," ती म्हणाली.

"येते. हिला बघू दे जरा."

शकूने पाऊल काढलं नाही. आत राजनंदिनी धाकटीला घेऊन ताटकळत होती, कुकरच्या शिट्ट्या होत होत्या, आणि शकू तशीच, एक पाय दारात अडकवून, मुलीच्या पाठीकडे बघत उभी राहिली.